कडकडीत मोहन

कल्याणहून कसाऱ्याकडे जाणारी लोकल धरली की शहाडनंतर आंबिवली येते. मोहने तिथून जवळच. या गावातल्या शाळेत मी बरीच वर्षे विज्ञान शिकवले. एकदा दिवाळीच्या सुट्टीआधीच्या शेवटच्या तासाला, मुलांचे लक्ष फळ्यावर असण्याची काहीच शक्यता नव्हती तेव्हा, मी पुस्तक मिटले आणि म्हटले, "आज तुम्ही मला प्रश्न विचारा." मागच्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली. "बाई, आई म्हणते, मोहन कमी पडलं की शंकरपाळे दगडासारखे होतात आणि जास्त झालं की तेलात विरघळतात. असं का?"

मला उत्तर आले नाही. पिठात गरम तूप किंवा तेल घालतात त्याला मोहन म्हणतात, एवढे मला ठाऊक होते. दर दिवाळीला मी ते घालतही होते. पण शाळेत शिकवायचे रसायनशास्त्र आणि घरात करायची करंजी यांची गाठ मी कधी घालून दिली नव्हती. मोहने आणि मोहन या दोन शब्दांचीही गाठ घालण्याचा मोह होतो, तो मात्र आवरते. पुढे जे वाचले आणि करून पाहिले, ते इथे मांडत आहे. दिवाळीच्या आधीचा असा रिकामा तास तुमच्याही वाट्याला येत असेल.

सुरुवात पिठापासून करू. १७२८ साली इटलीतील बोलोन्या शहरात याकोपो बेकारी या अध्यापकाने गव्हाच्या पिठाविषयीचे आपले प्रयोग विद्वानांपुढे मांडले. पिठाचा गोळा त्याने पाण्यात धूत नेला. पांढरे पाणी वाहून गेले आणि हातात रबरासारखा चिवट लगदा उरला. पांढऱ्या पाण्यात खाली बसला तो स्टार्च, आणि उरले ते ग्लुटेन. ग्लुटेन हे प्रथिन आहे. प्राण्यांच्या शरीरात असते तसे द्रव्य वनस्पतीतही सापडावे याचे त्या काळी मोठे नवल वाटले. हा प्रयोग वर्गात करायला कणकेचा लिंबाएवढा गोळा आणि पाण्याचे भांडे पुरते. गोळा अर्धा तास मुरू द्यावा, मग पाण्यात हलक्या हाताने चोळत राहावे. खाली बसलेल्या पांढऱ्या गाळात आयोडीनचा थेंब टाकला की निळा-काळा रंग येतो. हातात उरलेला लगदा ताणून पाहा. मुलांना तो च्युइंगगमच वाटतो.

ग्लुटेन कोरड्या पिठात तयार नसते. पिठात ग्लायडिन आणि ग्लुटेनिन ही दोन प्रकारची प्रथिने असतात. पाणी मिळाले आणि मळण्याचा जोर लागला की ती एकमेकांत गुंतून जाळे विणतात. पोळीला हे जाळे हवे असते, म्हणून पोळीची कणीक आपण मऊ भिजवतो, तिंबतो आणि झाकून ठेवतो. शंकरपाळ्याला ते नको असते. जाळे घट्ट विणले गेले की तळल्यावर ते तसेच आखडते आणि शंकरपाळा 'दगड' होतो. मोहनाचे काम इथे आहे. पाणी घालण्याआधी स्निग्ध पदार्थ पिठाच्या कणाकणाला चोळला की कणांवर त्याचा पातळ लेप बसतो. मग प्रथिनांना पाणी पुरेसे मिळत नाही, जाळ्याचे धागे लांब होत नाहीत, तुटक राहतात. इंग्रजीत अशा स्निग्ध पदार्थाला 'शॉर्टनिंग' म्हणतात, म्हणजे आखूड करणारा. आपल्या भाषेने मात्र त्याला मोहन म्हटले. यातले कोणते नाव चांगले, हे खाणाऱ्याने ठरवावे.

आता मोहन कडकडीतच का? गरम तूप पातळ असते, म्हणून थोडे तूप जास्त कणांपर्यंत पोचते. शिवाय त्या उष्णतेने कणांच्या पृष्ठभागावरची काही प्रथिने बिघडतात आणि पुढे जाळे विणायला ती नालायक ठरतात. मोहन पुरेसे झाले की नाही हे पाहायला बायका पिठाची मूठ दाबून पाहतात. मूठ वळली आणि बोटाने दाबताच फुटली, की झाले. कोणत्याही वजनकाट्यापेक्षा ही परीक्षा चांगली, कारण पीठ किती जाडे, किती कोरडे, हवेत दमटपणा किती, हे सारे त्या मुठीत आपोआप मोजले जाते. पुस्तकातले प्रमाण दर वर्षी तेच राहते. पीठ तेच नसते. मोहन जास्त झाले तर जाळे इतके दुबळे होते की आतल्या वाफेचा जोर त्याला सोसत नाही आणि शंकरपाळे कढईत सुटतात. मुलीच्या प्रश्नाचा दुसरा भाग तो हा.

पण हे सगळे गव्हाचे झाले. ठाणे जिल्हा मूळचा भाताचा. मोहन्याच्या आसपासच्या आगरी घरांत लग्नकार्याला तांदळाच्या पिठाचे वडे तळतात, आणि तांदळात ग्लुटेन नाही. मग पीठ धरून कोण ठेवते? उत्तर उकळत्या पाण्यात आहे. स्टार्चचे कण साधारण ६५ ते ७५ अंश सेल्सिअसला पाणी पिऊन फुगतात, फुटतात आणि खळीसारखे चिकट होतात. पिठावर कढत पाणी ओतणे किंवा उकड काढणे म्हणजे पिठातल्या थोड्या स्टार्चची खळ करून तिने उरलेले पीठ बांधणे. गव्हाच्या प्रदेशातली बाई प्रथिनाचे जाळे मोडण्याच्या खटपटीत असते आणि भाताच्या प्रदेशातली, नसलेल्या जाळ्याला पर्याय उभा करण्याच्या. अनारशात तर आणखी एक पाऊल पुढे. तांदूळ तीन दिवस भिजवायचे, रोज पाणी बदलायचे, मग निथळून ओलसरच कुटायचे आणि गूळ घालून पीठ मुरवत ठेवायचे. भिजवण्यात तांदूळ किंचित आंबतो, ठिसूळ होतो आणि पीठ फार बारीक पडते. तळताना तुपात गूळ वितळून बाहेर पडू लागतो, जागोजागी भोके पडतात, जाळी उमटते. गूळ थोडा जास्त झाला की अनारसा 'हसतो', म्हणजे कढईत फसकन पसरतो. हा शब्द ज्या कोणी प्रथम वापरला तिचा त्या दिवशी धीर सुटला नव्हता, हे नक्की.

हा सारा खटाटोप किती जुना? ऋग्वेदात तुपाने युक्त अशा 'अपूपा'चा उल्लेख आहे. पण तळणीच्या पदार्थांचा तपशील हवा असेल तर बाराव्या शतकात यावे लागते. चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या नावावर असलेला 'मानसोल्लास' हा संस्कृत ग्रंथ ११३० च्या सुमाराचा. त्यातल्या अन्नभोगाच्या भागात पूरिका, वटक, इडरिका, धोसक असे पदार्थ येतात. पुरी, वडा, इडली, डोसा यांचे हे पूर्वज. सोमेश्वराची राजधानी कल्याण, असे वाचून आमच्याकडची मुले खूश होतात. ते कल्याण आपले नव्हे. कर्नाटकातल्या बिदर जिल्ह्यातले आजचे बसवकल्याण. मुलांचा हिरमोड होतो, पण नकाशा काढायला निमित्त मिळते.

तळलेल्या पिठाचा इतिहास म्हटला की पुण्याच्या भांडारकर संस्थेतील परशुराम कृष्ण गोडे यांचे नाव घ्यायलाच हवे. हस्तलिखितांची देखभाल करता करता गोडे यांनी रोजच्या जगण्यातल्या असंख्य वस्तूंचा इतिहास शोधला. १९४३ साली त्यांनी जिलबीवर लेख लिहिला. आडनाव गोडे आणि विषय जिलबी, हा योग वाचकांनी लक्षात घ्यावा. जिलबी म्हणजे आंबवलेल्या पिठाचे तळण. दहाव्या शतकातल्या बगदादच्या पाककृतींत 'झुलाबिया' आहे. आपल्याकडे पंधराव्या शतकातल्या एका जैन ग्रंथात जिलबीचे नाव येते, आणि सतराव्या शतकाच्या अखेरच्या 'भोजनकुतूहल' या ग्रंथात 'कुंडलिका' या नावाने तिची कृती सापडते. 'भोजनकुतूहला'चा कर्ता रघुनाथ गणेश नवाथे हा मराठी पंडित. तंजावरला शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजी यांच्या दरबाराचा त्याला आश्रय होता. पदार्थ बाहेरून आला, संस्कृत नाव घेऊन पोथीत बसला आणि आज आपण त्याला लग्नाच्या पंगतीत अस्सल आपला म्हणून वाढतो. 'परंपरा' या शब्दाविषयी मुलांशी बोलायचे असेल तर जिलबीइतके सोपे उदाहरण नाही.

छापील मराठीत पाकशास्त्र आले ते १८७५ साली, रामचंद्र सखाराम गुप्ते यांच्या 'सूपशास्त्रा'ने. १९१० मध्ये लक्ष्मीबाई धुरंधर यांचे 'गृहिणीमित्र' आले, आणि १९७० मध्ये कमलाबाई ओगले यांचे 'रुचिरा'. 'रुचिरा'ने वाटी आणि चमचा ही मापे घरोघर नेली. नोकरीसाठी गाव सोडून आलेल्या, शेजारी सासू किंवा आई नसलेल्या सुनेला त्या वाटीचा किती आधार होता, हे कामगार वस्तीत राहिलेल्यांना सांगायला नको.

मोहन्याची ओळखच अशा वस्तीची. नॅशनल रेयॉन कॉर्पोरेशन ही कंपनी १९४६ साली स्थापन झाली आणि तिच्या मोहन्यातल्या कारखान्यात रेयॉनचा धागा निघू लागला. गावात तिचे नाव एन.आर.सी. महाराष्ट्रातून आणि बाहेरून माणसे कामाला आली. माझ्या वर्गातल्या कितीतरी मुलांचे वडील पाळीवर जात. कारखान्यात नेमके काय होते, असे मुले विचारत. तेव्हा मी सोऱ्या दाखवून सांगायला शिकले.

रेयॉनची व्हिस्कोज पद्धत क्रॉस, बेव्हन आणि बीडल या इंग्रज रसायनतज्ज्ञांनी १८९२ साली शोधली. लाकडाचा लगदा, म्हणजे सेल्युलोज, कॉस्टिक सोड्यात भिजवतात. मग तो मुरू देतात. त्यावर कार्बन डायसल्फाइड या विषारी द्रव्याची क्रिया करून नारिंगी रंगाचा भुगा मिळवतात आणि तो पुन्हा सौम्य कॉस्टिक सोड्यात विरघळवतात. मधासारखा दाट द्रव तयार होतो, तोही काही काळ मुरवावा लागतो. शेवटी हा द्रव अतिसूक्ष्म छिद्रांच्या चकतीतून गंधकाम्लाच्या कुंडात दाबून सोडतात. कुंडात पडताच द्रवाचा घट्ट धागा होतो. आता घरची चकली आठवा. भाजणीवर कढत पाणी आणि मोहन घालायचे, उकड झाकून मुरू द्यायची, सोऱ्याच्या चकतीतून दाबायची आणि कढईत सोडायची. चकतीतून बाहेर पडलेल्या मऊ पदार्थाला आकार टिकवायला लगेच काहीतरी भेटावे लागते. तिथे आम्ल, इथे तापलेले तेल. साम्य इथवरच. आम्लात रासायनिक क्रिया होऊन सेल्युलोज पुन्हा मूळ रूपात येते. तेलात मुख्यतः पाणी निघून जाते आणि स्टार्च व प्रथिने घट्ट बसतात. पण वडील पाळीवर जे करत होते आणि आई ओट्याशी जे करत होती, त्याला एकाच फळ्यावर जागा मिळाली, तेव्हा मुलांच्या चेहऱ्यावर जे दिसले ते मी विसरलेले नाही.

कढईत काय होते तेही पाहू. तेल १७० ते १८० अंशांवर असते, पण पिठात पाणी आहे तोवर आतले तापमान शंभराच्या फारसे वर जात नाही. पाण्याची वाफ होताना आकारमान सुमारे सोळाशे ते सतराशे पट वाढते. पुरीचा वरचा पापुद्रा आधी घट्ट होतो, वाफ आत कोंडते आणि पुरी फुगते. बुडबुडे येत आहेत तोवर वाफ बाहेर ढकलत असते आणि तेलाला आत शिरायला वाव कमी. बरेचसे तेल पदार्थ बाहेर काढल्यावर शिरते. थंड होताना आतली वाफ निवते, दाब घटतो आणि पृष्ठभागावरचे तेल आत ओढले जाते. म्हणून पुरी झाऱ्यावर उभी धरून निथळायची ती लगेच, कढईवरच. 'तेल तापलं नव्हतं म्हणून तेलकट झालं' ही तक्रार खरी असते, पण निथळायचा आळसही तितकाच दोषी असतो.

आता मोहनातल्या स्निग्धाकडे येऊ. कारण या कहाणीतला अवघड भाग तिथे आहे.

तूप नेहमीच महाग. तेले प्रदेशाप्रमाणे: कुठे तीळ, कुठे करडई, जवस, किनाऱ्यावर खोबरेल. शेंगदाण्याचे तेल आपल्याला अगदी घरचे वाटते, पण भुईमूग मूळ दक्षिण अमेरिकेचा. या सर्व तेलांत एक उणीव होती. ती पातळ असतात. करंजीचा किंवा चिरोट्याचा साटा, म्हणजे तांदळाच्या पिठात फेसलेले तूप, थरांमध्ये टिकून राहतो तो घट्ट असतो म्हणून. तेलाचा साटा पिठात जिरून जातो आणि पापुद्रे सुटत नाहीत. स्वस्त आणि तरीही तुपासारखे घट्ट असे काही मिळाले तर?

फ्रान्सच्या पॉल सबात्ये याने निकेलच्या चूर्णाच्या सान्निध्यात हायड्रोजन वायू इतर द्रव्यांना जोडता येतो हे दाखवले. त्याला १९१२ चे नोबेल मिळाले. जर्मनीतल्या विल्हेल्म नोरमान याने तीच युक्ती तेलावर चालवली आणि १९०२ साली पेटंटसाठी अर्ज केला. तेलाच्या रेणूत जिथे दुहेरी बंध असतात तिथे साखळीला बाक येतो. वाकड्या साखळ्या एकमेकींशेजारी नीट बसत नाहीत, म्हणून तेल पातळ राहते. दुहेरी बंधावर हायड्रोजन बसला की साखळी सरळ होते आणि तेल थिजते. हेच वनस्पती तूप. १९३७ मध्ये 'डालडा' बाजारात आला, आणि काही वर्षांतच छापाचे नाव पदार्थाचे नाव होऊन बसले. तो पिवळा डबा रिकामा झाला की त्यात तांदूळ राहायचे, नाहीतर तुळस लागायची. कामगाराच्या घरात बोनसच्या पैशांतून आलेल्या त्या डब्याने करंजीला पापुद्रे दिले, हे मान्य करायला हवे. आज त्याची निंदा करताना ते विसरू नये.

वाद पहिल्यापासून होता. गांधीजींनी 'हरिजन'मधून वनस्पतीविरुद्ध लिहिले, स्वातंत्र्यानंतर बंदीची मागणी संसदेपर्यंत गेली. बंदी आली नाही. मुख्य भीती तुपातल्या भेसळीची होती, आणि तिच्यावर काढलेला उपाय मला फार आवडतो. वनस्पतीत किमान ५ टक्के तिळाचे तेल घालणे कायद्याने सक्तीचे केले. तिळाच्या तेलातल्या एका घटकाची आम्लाच्या सान्निध्यात फरफ्युरालशी क्रिया झाली की लाल रंग येतो. बोदुआँ परीक्षा ती हीच. म्हणजे वनस्पतीच्या प्रत्येक डब्यात त्याचा साक्षीदार आधीच बसवलेला! शाळेत फरफ्युराल नसले तरी साखर चालते, कारण आम्लाने साखरेपासून त्याच कुळातले द्रव्य बनते. परीक्षानळीत चमचाभर वितळलेले तूप, तेवढेच तीव्र हायड्रोक्लोरिक आम्ल आणि चिमूटभर साखर घालावी, मिनिटभर हलवून पाच मिनिटे ठेवावे. खालच्या थराला किरमिजी लाली आली तर तिळाचे तेल आहे. हे शिक्षकांनी स्वतः करावे, मुलांच्या हातात तीव्र आम्ल देऊ नये. आणि लाली आली नाही म्हणजे तूप शुद्ध, असा निष्कर्ष काढू नये. भेसळ करणाऱ्याने तीळ नसलेले दुसरे काही घातले असेल.

भेसळीकडे सर्वांचे लक्ष असताना खरा धोका दुसऱ्या दाराने आला होता. हायड्रोजन बसवण्याचे काम अर्धवट थांबवले की काही दुहेरी बंध तसेच उरतात, पण त्यांची मांडणी पालटते. नैसर्गिक तेलात साखळी बाकदार असते, ती 'सिस' मांडणी; पालटलेली, जवळजवळ सरळ अशी 'ट्रान्स'. १९९० साली नेदरलँड्सच्या मेन्सिंक आणि काटान यांनी दाखवून दिले की ट्रान्स मेदाने रक्तातले अपायकारक एल.डी.एल. कोलेस्टेरॉल वाढते आणि उपकारक एच.डी.एल. घटते. म्हणजे ज्या सरळपणामुळे करंजी खुसखुशीत होत होती, त्याचाच एक भाग हृदयाला बाधत होता. भारतात तेल-तुपातल्या ट्रान्स मेदाची मर्यादा २०२१ मध्ये ३ टक्के आणि १ जानेवारी २०२२ पासून २ टक्के झाली. डालड्याच्या आगमनापासून मोजले तर पंचाऐंशी वर्षे.

दरम्यान बाजार पालटला. १९९४ मध्ये पामोलीनची आयात खुली झाली आणि पामतेल स्वयंपाकघरात पक्के बसले. मोहन्यातला कारखाना २००९ मध्ये टाळेबंदीने बंद झाला. माझ्या वर्गातली मुले तोवर मोठी झाली होती, त्यांतली काही स्वतः पाळीवर जात होती.

२०२२ च्या दिवाळीला राज्य सरकारने शिधापत्रिकेवर शंभर रुपयांत 'आनंदाचा शिधा' दिला. त्यात रवा, चणाडाळ, साखर प्रत्येकी एक किलो आणि एक लिटर पामतेल. त्या सुमारास मागच्या बाकावरची ती मुलगी मला बाजारात भेटली, आता तिचीच मुलगी आठवीत आहे. मी तिला म्हटले, तेव्हाच्या प्रश्नाचे उत्तर मला उशिरा सापडले, आणि ग्लुटेनचे सगळे सांगितले. तिने ऐकून घेतले. मग तिने मला विचारले, "पण बाई, तुपाऐवजी तेलाचं मोहन असेल तर?"

मी साखळ्या, थिजणे, पातळ राहणे असे काही सांगू लागले. ती म्हणाली, "तेल कमीच घालायचं. रवा आदल्या रात्री दुधात भिजवायचा. आणि मूठ वळते का बघायचं." पिशवी दुसऱ्या हातात घेऊन तिने रिकामी मूठ हवेत वळून दाखवली.